वेस्टर्नमधली माडीवरची बाई आणि दंडाची पावती

आडवाट

शीर्षक वाचून भलत्याच आशेने आलेल्यांनी इथूनच परत फिरावं. धाग्यात मसाला कमी आणि हिशेब जास्त आहे.

काही वर्षांपूर्वी सासूबाई आमच्याकडे स्पोकेनला आल्या होत्या. त्यांना घेऊन मोंटानाकडे निघालो, वाटेत आयडाहोतलं वॉलेस लागलं. डोंगरांच्या बेचक्यात अडकलेलं, चांदीच्या खाणींवर वाढलेलं एवढंसं गाव. जेवणानंतर पाय मोकळे करताना एका जुन्या इमारतीवर म्युझियमची पाटी दिसली. "चला, बघून घेऊ," असं आई म्हणाल्या आणि मी पाटी पूर्ण वाचेपर्यंत नवऱ्याने तिकिटं काढलीसुद्धा. ते 'ओॲसिस' नावाच्या कुंटणखान्याचं म्युझियम निघालं.

आता काय करता! गेलो जिना चढून.

१९८८ च्या जानेवारीत तिथल्या बायका घाईघाईने निघून गेल्या आणि परत आल्याच नाहीत. हो, १९८८. आपल्याकडे तेव्हा रविवारी सकाळी टीव्हीवर रामायण चालू होतं. वरचा मजला त्या टाकून गेल्या तसाच ठेवलाय. कपडे, मेकअपचं सामान, भिंतीवर दरपत्रक आणि त्यात मिनिटांचा हिशेब. स्वयंपाकघरात टायमर, अंडी उकडताना लावतात तसले. आई म्हणाल्या, "अगं, एवढ्या घड्याळांचं काय करायच्या? एवढं काय शिजायचं इथे?" मग त्यांचं त्यांनाच उमगलं. पुढे काही बोलल्या नाहीत, किराण्याच्या पिशवीकडे बघत राहिल्या. ती पिशवीही तशीच होती, रिकामी करायची राहून गेलेली.

गाइडबाई मात्र रंगात आल्या होत्या. इथल्या बायका मनाच्या किती मोठ्या, शाळेच्या बँडला गणवेश यांच्याच पैशातून, गावाला नड आली की मदत यांचीच. सगळे कौतुकाने माना डोलवत होते. आईंची सगळी नोकरी नगरपालिकेच्या जकात विभागात गेली. त्या मला हळूच म्हणाल्या, "विचार तिला, गाव पैसे घेऊन पावती द्यायचं का?" मी विचारलं. गाइडबाईंना तो विनोद वाटला, त्या हसल्या आणि पुढच्या खोलीकडे वळल्या.

धागा त्या पावतीवर आहे.

घरी आल्यावर वाचायला लागले. वेस्टर्न सिनेमातलं गाव आपल्याला पाठ असतं: धुळीचा रस्ता, शेरिफ, बँक, चर्च आणि सलून (दारूचं, दाढी-कटिंगचं नव्हे). सलूनच्या माडीवर चार बायका, कठड्याला रेलून उभ्या. गाव कसं चालतं याच्याशी त्यांचा काही संबंध नसतो, पडद्यासारख्या नुसत्या टांगलेल्या. प्रत्यक्षात गाव बऱ्याच अंशी त्यांच्यावर चालायचं.

कॅन्ससमधली गुरांची गावं घ्या. टेक्सासहून गुरांचे कळप शेकडो मैल हाकत आणायचे आणि इथे रेल्वेच्या वाघिणींत भरून पूर्वेला पाठवायचे. १८६७ मध्ये ॲबिलीनपासून हे सुरू झालं, मग विचिटा, मग डॉज सिटी. पोरं दोन-तीन महिने घोड्यावर, आणि सगळा पगार एकदम हातात, तोही याच गावात. दुकानदारांना त्यांचा पैसा हवा. मग दंगा आवरायला पोलीसही हवेत. पोलिसांचा पगार कुणी द्यायचा? कर भरायला कुणीच राजी नाही. तोडगा असा निघाला: कुंटणखाना हा कायद्याने गुन्हा. घरवालीने (म्हणजे कुंटणखान्याच्या मालकिणीने) आणि तिच्याकडच्या बायकांनी दर महिन्याला गुन्हा कबूल करायचा, ठरलेला दंड भरायचा, आणि घरी जाऊन तोच गुन्हा पुढे चालू करायचा. जुगाऱ्यांचंही तेच. गुन्हा थांबावा म्हणून हा दंड नव्हताच. तो चुकूनही थांबू नये याची काळजी त्यात होती.

आता गंमत बघा. १८७४ मध्ये विचिटाच्या कोर्टात बेसी अर्प नावाच्या बाईला आठ डॉलर दंड आणि वर दोन डॉलर कोर्टखर्च झाला. बेसी ही जेम्स अर्पची बायको, म्हणजे वेस्टर्न सिनेमांचा लाडका, कायद्याचा रखवालदार म्हणून सुप्रसिद्ध असलेल्या वायट अर्पची वहिनी. १८७५ मध्ये वायट त्याच गावच्या पोलिसात लागला. दिराचा पगार ज्या गल्ल्यातून, त्यात वहिनीची भर! त्याआधी १८७२ मध्ये इलिनॉयमधल्या पिओरियात तो स्वतःच कुंटणखान्यात सापडला होता, दंड भरून सुटला. सिनेमात हे येत नाही. तिथे तो जन्मतो तोच १८८१ साली टूमस्टोनला, त्या अर्ध्या मिनिटाच्या गोळीबारासाठी.

सिनेमाचीही अडचण होती म्हणा. १९३४ पासून हॉलिवूडवर नीतिनियमांचा बडगा आला, धंदा हा शब्दच काढायचा नाही. मग या बायका 'नाचणाऱ्या' झाल्या, 'सलूनमध्ये काम करणाऱ्या' झाल्या. १९३९ च्या 'स्टेजकोच'मध्ये डॅलसला गावातल्या सोवळ्या बायका हाकलून देतात, पण ती कोण हे शेवटपर्यंत कुणी उच्चारत नाही. 'गनस्मोक' ही मालिका टीव्हीवर २० वर्षं चालली, त्यातली मिस किटी सलूनची मालकीण. माडीवर काय चालतं हे २० वर्षांत कुणी विचारलं नाही.

तुम्ही काय वाचलंय, पाहिलंय? लिहा.

खडूस_आजोबा

वा! बऱ्याच दिवसांनी दम असलेला धागा. वाखुसा (वाचनखूण साठवली आहे).

आम्ही कॉलेजात असताना पुण्यात कॅम्पातलं वेस्ट एंड आणि इकडे अलका, ही आमची दोन तीर्थक्षेत्रं. इंग्रजी निम्मं डोक्यावरून जायचं, पण वेस्टर्नला इंग्रजी लागतं कुठे? माडीवरच्या बाईबद्दल आमचा एक ठोकताळा होता. तिने नायकाकडे पाहून एकदा मनापासून हसलं की समजायचं, ही शेवटच्या रिळात मरणार. 'डेस्ट्री राइड्स अगेन'मध्ये मार्लिन डीट्रिश चक्क नायकासाठी गोळी अंगावर घेते. म्हणजे नायक मोकळा, चांगल्या घरच्या मुलीशी लग्न करायला. आपल्या हिंदीतल्या कोठेवालीची पत्रिकाही अशीच मांडलेली असायची.

टवाळ_कार्टा

दीर पोलिसात, वहिनी कोर्टात. 'वायट' नाव उगीच नाही ठेवलं.

सासूबाईंना घेऊन कुंटणखाना बघायला जाणारी सून मी पहिल्यांदाच पाहिली. दंडवत घ्या ताई.

हिशेबनीस

लेख आवडला, पण सूर थोडा एकतर्फी वाटला. त्या काळात बाईला पर्याय काय होते? धुणी, शिवण, खानावळीत राबणं, नाहीतर लग्न. या धंद्यात काही जणींनी चांगला पैसा केला. डेन्व्हरच्या मॅटी सिल्क्स आणि जेनी रॉजर्स घ्या. दोघींच्या नावावर मालमत्ता होती. जेनीने मार्केट स्ट्रीटवर बांधून घेतलेलं 'हाउस ऑफ मिरर्स' त्या गल्लीतलं सगळ्यात झोकदार घर. स्वतःच्या नावावर घर असणाऱ्या बायका तेव्हा किती होत्या? त्यांना बिचाऱ्या म्हणणं हाही त्यांचा अपमानच.

(जाता जाता: या मार्केट स्ट्रीटचं आधीचं नाव हॉलिडे स्ट्रीट. गल्ली इतकी बदनाम झाली की हॉलिडे घराण्याने आपलं नाव काढून घ्यायला लावलं.)

निशिगंधा

हिशेबनीस, मुद्दा बरोबर, पण तुम्ही घरवाल्या मोजताय. कारखान्याचा हिशेब मांडताना फक्त मालकाचा नफा धरल्यासारखं झालं.

या धंद्यात सरळ सरळ जाती होत्या. सगळ्यात वर 'पार्लर हाउस': पियानो, झुंबरं, उंची दारू, आणि बाईच्या कमाईतला मोठा वाटा घरवालीचा, वर खाण्या-राहण्याचे पैसे वेगळे. कपडेही तिच्याच ओळखीच्या दुकानातून घ्यायचे, उधारीवर. त्याखाली साधे कुंटणखाने. आणि तळाला 'क्रिब', म्हणजे रस्त्याला दार, एक खिडकी, एक पलंग आणि रोज चुकवायचं भाडं. मोंटानातल्या ब्यूटमध्ये 'डुमास' नावाची इमारत आहे, १८९० ची, तिच्यात धंदा १९८२ पर्यंत चालला. तळघरात अशा खोल्या आहेत. वय वाढलं, आजार जडला, की बाई या उतरंडीवर खाली खाली सरकायची. वर चढलेल्यांची नावं रस्त्यांच्या माहितीपत्रकांत येतात. खाली गेलेल्यांची कोर्टाच्या वहीत, आणि नंतर अफूच्या अर्काने मेलेल्यांच्या पंचनाम्यात. वायट अर्पचाच विषय निघालाय तर सांगते: त्याची नवऱ्या-बायकोसारखी सोबत केलेली मॅटी ब्लेलॉक १८८८ मध्ये ॲरिझोनातल्या पिनल गावात तशीच गेली. तो तेव्हा दुसरीबरोबर होता.

आणि दंतकथा कशी तयार होते त्याचा नमुना हवा असेल तर ज्यूलिया ब्यूलेट. नेवाडातलं व्हर्जिनिया सिटी, कॉमस्टॉक खाणींच्या चांदीवर वाढलेलं. २० जानेवारी १८६७ ला तिचा तिच्याच घरात खून झाला. गावच्या अग्निशमन दलाने तिला मानद सदस्य करून घेतलं होतं, दलाने वाजतगाजत अंत्ययात्रा काढली. खुन्याला २४ एप्रिल १८६८ ला जाहीर फाशी झाली, आणि ती बघायला आलेल्यांत मार्क ट्वेन होता. एवढं खरं. पुढे लोकांनी तिला सौंदर्यवती केलं, महालात बसवलं, घोडागाडी दिली, हिऱ्यांनी मढवलं. 'बोनान्झा' मालिकेत तिच्यावर एक भागही झाला. खरी ज्यूलिया भाड्याच्या दोन खोल्यांत राहत होती. मेल्यावर सामानाचा लिलाव झाला, त्यातून तिचं देणंही पुरतं फिटलं नाही.

हिशेबनीस

मान्य. मी वरच्या मजल्यावरूनच बोलत होतो.

तरी एक शंका राहतेच. त्या स्वतः काय म्हणत असतील? आपण दोघंही त्यांच्या वतीनेच बोलतोय.

आडवाट

हीच तर मेख आहे. त्यांचं स्वतःचं लिहिलेलं फार थोडं उरलंय. जनगणनेच्या तक्त्यांत धंदा या रकान्यात 'शिवणकाम' किंवा 'टोप्या करणारी' असं लिहिलेलं. खाणकामगारांच्या एकेका गावात इतक्या शिंपिणी की गावाने दिवसाला दोन सदरे फाडले असते तरी काम पुरलं नसतं.

अपवाद डोरा ड्यूफ्रॅनचा. डकोटातल्या डेडवूड या सोन्याच्या गावाकडची घरवाली. घोडा-बंदुकीच्या कथांनी गाजलेली कॅलामिटी जेन तिच्याकडे अधूनमधून धुणंभांडं, स्वयंपाक करायची. जेन १९०३ मध्ये वारली. तिच्या नावावर भरमसाट कथा जमल्या तेव्हा डोराने १९३२ मध्ये टोपणनावाने एक छोटी पुस्तिका काढली आणि आपल्याला माहीत असलेली जेन लिहिली. इतर लेखक जेनला घोड्यावर बसवत होते, ही तिला ओळखत होती.

डेडवूडवरून आठवलं. २००४ ची त्याच नावाची मालिका बऱ्याच जणांनी पाहिली असेल. त्यातला अल स्वेरेंजन खरा माणूस. त्याचं 'जेम थिएटर' १८७७ मध्ये उघडलं. नाटकात काम देतो, हॉटेलात नोकरी देतो म्हणून पूर्वेकडून मुली आणायच्या. त्या उतरायच्या तेव्हा परतीच्या भाड्याचे पैसे हातात नसायचे. मालिकेत त्याला इतके झणझणीत संवाद दिलेत की शेवटी शेवटी आपण त्याच्याच बाजूने होतो. मीही झाले होते. आणि ते सगळं गावच मुळात बेकायदा होतं. १८६८ च्या तहाने ब्लॅक हिल्सचा मुलूख तिथल्या मूळच्या लकोटा लोकांचा होता, सोनं सापडल्यावर तहाचा कागद गुंडाळून ठेवला.

पेठकर

क्षमस्व, पण हे सगळं आपल्या संस्थळावर कशासाठी? अमेरिकेतल्या दीडशे वर्षांपूर्वीच्या बायकांच्या उठाठेवी करण्यापेक्षा आपल्याकडचं बघा की.

खडूस_आजोबा

पेठकर, आवडत नसेल तर पुढचा धागा उघडा, तिथे साबुदाणा खिचडीत बटाटा घालावा का यावर दोनशे प्रतिसाद झालेत.

आणि अमेरिकेतलं रान मराठीत आधीच येऊन बसलंय. जी. ए. कुलकर्णींनी कॉनरॅड रिश्टरच्या कादंबऱ्या 'रान', 'शिवार', 'गाव' या नावांनी मराठीत आणल्या त्याला अर्धशतक लोटलं. झाडं तोडून वस्ती वसवणारी माणसं आम्ही धारवाडच्या जी.एं.च्या मराठीतून वाचली. त्यात बंदुका कमी, कुऱ्हाडी जास्त.

खाडीपलीकडचा

मी सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीपलीकडे राहतो. इथला भाग जोडतो, कारण वेस्टर्नमध्ये तो जवळपास सापडतच नाही.

जानेवारी १८४८ मध्ये सोनं सापडलं तेव्हा सॅन फ्रान्सिस्को हजारेक वस्तीचं गाव होतं. १८४९ संपता संपता २५ हजार. १८५० च्या जनगणनेत कॅलिफोर्नियात शंभरात ९२ पुरुष होते. बायका आल्या त्या चिलीहून, मेक्सिकोहून, फ्रान्सहून आणि चीनहून. आ टॉय ही अगदी सुरुवातीला आलेली चिनी बाई. एकटी आली, स्वतःचा धंदा उभा केला, आणि गिऱ्हाइकांनी फसवलं की सरळ गोऱ्यांच्या कोर्टात फिर्याद घेऊन जायची. १९२८ मध्ये वारली, शंभरी थोडक्यात हुकली. हिशेबनीस, तुमची बाजू भक्कम करायला ही उपयोगी पडेल.

पण पुढे टोळ्यांनी धंदा ताब्यात घेतला आणि मुली विकत आणल्या जाऊ लागल्या. १८८६ चा एक करार वाचलाय. चीनहून येण्याचा खर्च आणि खाणं मिळून ५२४ डॉलरचं कर्ज, ते फेडायला मुलगी साडेचार वर्षं वेश्या म्हणून काम करील. कर्जावर व्याज नाही, मुलीला पगार नाही. १५ दिवसांपेक्षा जास्त आजारी पडली तर एक महिना वाढीव. गरोदर राहिली तर एक वर्ष वाढीव. आणि हे सगळं ती 'स्वखुशीने' करते आहे असं वर लिहिलेलं. मी पगाराचे करार रोज बघतो, इतका चोख मसुदा क्वचित पाहिलाय.

चायनाटाउनच्या गल्ल्यांतल्या क्रिबना जाळीच्या खिडक्या असायच्या. कामाठीपुऱ्यातले पिंजरे ज्यांनी पाहिलेत त्यांना वेगळं सांगायला नको.

१८७५ मध्ये 'पेज ॲक्ट' आला. अनैतिक कामासाठी आणलेल्या बायकांना बंदी. राबवला असा की चिनी बाई म्हटली की संशयित, त्यामुळे कुणाची लग्नाची बायकोही येऊ शकेना. सात वर्षांनी, १८८२ मध्ये, चिनी मजुरांनाच बंदी झाली. बायकांवरचं बोट धरून पुढे सगळ्यांना दार बंद. सॅक्रामेंटो स्ट्रीटवर ९२० नंबरची इमारत अजून आहे, १९०६ च्या भूकंपानंतर त्याच जागी पुन्हा बांधलेली. प्रेस्बिटेरियन मिशनचं घर, डोनाल्डिना कॅमेरॉन १८९५ मध्ये तिथे आली. पोलीस आणि कुऱ्हाडी घेऊन धाडी घालायची, मुली सोडवून आणायची. आणलेल्यांना ख्रिस्ती शिस्तही लावायची, ती सगळ्यांनाच मानवायची असं नाही.

टवाळ_कार्टा

शिस्तीत वाचतोय. पहिल्या प्रतिसादाबद्दल जरा ओशाळलो.

आडवाट

खाडीपलीकडचा, फार छान भर. आयडाहोतली पॉली बेमिस ऐकली आहे का? चीनमध्ये दुष्काळात विकली गेलेली मुलगी, १८७२ मध्ये वॉरेन नावाच्या खाणगावात घोड्यावरून पोचली. पुढे चार्ली बेमिसशी लग्न केलं, सॅमन नदीकाठी शेती केली, १९३३ मध्ये वारली. लोककथा अशी की चार्लीने तिला पत्त्यांच्या डावात जिंकलं. कादंबरी आली, सिनेमा आला. ती स्वतः हयातीत सांगत होती की असा डाव झालाच नाही. पण 'पत्त्यांत जिंकलेली बायको' हे शीर्षक इतकं झकास की तिचं कोण ऐकतो! तिने कुंटणखान्यात काम केल्याचाही पुरावा नाही. चिनी, बाई आणि खाणगाव, एवढ्यावर लोकांनी उरलेली गोष्ट भरून काढली.

पोस्टमन

मी काही वर्षं मुंबईत एका आरोग्य प्रकल्पावर होतो, गल्ल्यांतून फिरायचो. तिकडे 'अधिया' हा शब्द चालतो, म्हणजे निम्मी कमाई घरवालीची. निशिगंधांनी पार्लर हाउसचं लिहिलंय ते वाचून तोच आठवला. मालकिणीला 'घरवाली' म्हणतात हे आडवाटताईंनी बरोबर वापरलंय. पुस्तकी मराठीत 'कुंटीण' लिहितात, पण ती शिवी आहे, तिथे तोंडावर कुणी वापरत नाही.

कॅम्पातला_पोरगा

पेठकरांच्या प्रश्नाला खरं उत्तर आहे, आणि ते त्यांच्या पेठेपासून फार लांब नाही.

डॉ. कॅथरिन बुशनेल, अमेरिकन डॉक्टर. १८८८ मध्ये तिने विस्कॉन्सिनच्या उत्तरेकडच्या जंगलांत, लाकूडतोड्यांच्या वस्त्यांभोवती चालणाऱ्या अड्ड्यांचा तपास केला. मुली कशा फसवून आणतात, पळाल्या तर काय होतं, हे गोळा केलं. तिकडच्या वर्तमानपत्रांनी तिची यथेच्छ टर उडवली. आता पुढचं ऐका. तीच बाई १८९१-९२ च्या हिवाळ्यात एलिझाबेथ अँड्र्यू या मैत्रिणीबरोबर हिंदुस्थानात आली आणि इंग्रजांच्या दहा कँटोन्मेंटमध्ये फिरली. लखनौ, मीरत, अंबाला, लाहोर, थेट पेशावरपर्यंत. पाठवणारी होती इंग्लंडची जोसेफिन बटलर, बायकांच्या सक्तीच्या तपासणीविरुद्ध लढणारी.

कारण काय? १८६४ आणि १८६८ च्या कायद्यांनी इथे बायकांची नोंदणी आणि सक्तीची तपासणी सुरू झाली होती. ज्या वस्त्यांत त्यांना गोऱ्या शिपायांसाठी ठेवत त्यांना 'लाल बाजार' म्हणायचे. १८८६ मध्ये लष्कराच्या मुख्यालयातून एक परिपत्रकच निघालं: पलटणीच्या बाजारात बायकांची संख्या पुरेशी असावी आणि त्या पुरेशा आकर्षक असाव्यात. सरकारी कागदावर, शिक्क्यानिशी! १८८८ मध्ये बोंब झाल्यावर इंग्लंडच्या पार्लमेंटने हे बंद करा म्हटलं, सरकारने केलं म्हणून सांगितलं. या दोघींनी येऊन त्या बायकांशीच बोलून वह्या भरल्या: काही बंद झालेलं नाही. हिंदुस्थानातल्या फौजेचा तेव्हाचा सरसेनापती लॉर्ड रॉबर्ट्सने आधी साफ नाकारलं. १८९३ मध्ये चौकशी समितीपुढे दोघींची साक्ष झाली आणि त्याला जाहीर माफी मागावी लागली.

पुढे १९०७ मध्ये दोघींनी हाँगकाँग आणि कॅलिफोर्नियातल्या चिनी मुलींच्या विक्रीवर पुस्तक लिहिलं. खाडीपलीकडच्यांच्या गल्ल्यांपर्यंत वर्तुळ येऊन मिळतं.

अमेरिकेतही लष्कराचं वेगळं नव्हतं, फक्त कागद नव्हते. किल्ल्याच्या हद्दीबाहेर जे गुत्ते उभे राहायचे त्यांना 'हॉग रँच' म्हणत, डुकरांचा गोठाच. फोर्ट लॅरॅमीजवळचं एक तर किल्ल्यापासूनच्या अंतरानेच ओळखलं जायचं, 'थ्री माइल'. इंग्रजाने सगळं वहीत लिहून ठेवलं, म्हणून पकडला गेला. अमेरिकन छावणीने शेजारच्या कुंपणाकडे पाठ फिरवली.

पेठकर

वाचलं. हे माहीत नव्हतं. शब्द मागे घेतो, बटाट्याच्या धाग्यावर मात्र ठाम आहे.

हिशेबनीस

म्हणजे विचिटात दंड, मीरतला नोंदणी. दोन्हीकडे वही आहे, आणि दोन्ही वह्या दुसऱ्याच्याच हातात. बुशनेलची वही तिसरी.

'अनफर्गिव्हन' (१९९२) या सिनेमाचा विषय कुणी काढला नाही याचं नवल वाटलं. त्यात सगळी गोष्टच कुंटणखान्यातून सुरू होते. एका बाईचा चेहरा गिऱ्हाईक विद्रूप करतं, शेरिफ नुकसानभरपाई ठरवतो ती घोड्यांच्या रूपात, आणि तीही मालकाला. बाईला काही नाही. मग बायका आपली साठवण एकत्र करून त्या गिऱ्हाइकांवर हजार डॉलरचं बक्षीस लावतात. एवढी वेस्टर्न पाहिली, पण माडीवरच्या बायकांकडे स्वतःचे पैसे आहेत आणि ते कशावर खर्चायचे हे त्या ठरवतात, असं मी पहिल्यांदा तिथे पाहिलं.

निशिगंधा

आणि शेरिफचं ते घोड्यांचं गणित तुमच्या विचिटाच्या कोर्टाला अगदी शोभतं.

टवाळ_कार्टा

आडवाटताई, एक राहिलं. सासूबाई नंतर काही म्हणाल्या का?

आडवाट

गाडीत बराच वेळ गप्प होत्या. मोंटानाची हद्द लागल्यावर म्हणाल्या, "आमच्या नाक्यावर रात्रपाळीला ट्रकवाले पैसे द्यायचे आणि पावती नको म्हणायचे. पावती नको म्हणणारा दरवेळी देणारा नसतो, काही वेळा घेणाराही असतो." एवढंच.

खालच्या दुकानातून त्यांनी एक पोस्टकार्ड घेतलं होतं. मला वाटलं दरपत्रकाचं किंवा लाल दिव्याचं असेल, सगळे तेच घेत होते. यांनी स्वयंपाकघराचं घेतलं. ते आता साताऱ्याला फ्रीजच्या दारावर चिकटवलंय. शेजारच्या काकू विचारतात, "हे तुमच्या सुनेचं घर का?" आई म्हणतात, "नाही. तिथल्या बायका बाहेर गेल्यात."